दगडांत कोरलेली आशा

यहोशवाच्या पुस्तकाच्या बाविसाव्या अध्यायांत एक वृत्तांत आहे. तो आमच्या मंडळ्यांतून फारसा वाचला जात नाहीं. युद्ध संपल्यावर रऊबेनी, गादी व मनश्शेचा अर्धा वंश यार्देनेच्या पलीकडे आपल्या वतनाकडे निघाले, तेव्हां नदीच्या कांठीं त्यांनीं एक भली मोठी वेदी बांधिली. ही बातमी कळतांच अलीकडच्या इस्राएलांनीं शस्त्रें उचललीं. त्यांस वाटलें, हे भाऊ आतां निराळा देव करणार. परंतु चौकशी करितां दुसरेंच निघालें. ती वेदी यज्ञाकरितां नव्हतीच. पलीकडच्यांस भय हें होतें कीं, उद्यां तुमचीं लेकरें आमच्या लेकरांस विचारतील, मध्यें नदी आहे, तुमचा आमचा संबंध काय? म्हणून दोहों कांठांच्या मुलांस दिसावी अशी एक साक्ष त्यांनीं दगडांत उभी केली, आणि तिला नांवही साक्ष असेंच दिलें.

आज ज्या प्रश्नाकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधूं इच्छितों तो ह्याच वृत्तांतांतून निघतो. जी एकी अद्याप झालेली नाहीं तिची साक्ष दगडानें द्यावी काय? आणि ज्या हातांनीं साक्ष उभारिली त्याच हातांनीं ती एके दिवशीं पाडून टाकिली, तर पूर्वीचा दगड खोटें बोलत होता असें म्हणावें काय? प्रश्न हवेंतला नाहीं. पूर्वेकडील कोरिया देशांत तो खरोखर उपस्थित झाला आहे.

कोरिया हा चीनच्या पूर्वेस समुद्रांत उतरलेला डोंगराळ द्वीपकल्प. तेथील लोकांची भाषा एक, लिपि एक, खाणेंपिणें एक. १९१० पासून ३५ वर्षें त्यांच्यावर जपानचें राज्य होतें. १९४५ सालच्या ऑगस्ट महिन्यांत जपान शरण आलें, तेव्हां उत्तरेकडच्या जपानी सैन्याचीं शस्त्रें रशियानें व दक्षिणेकडच्या सैन्याचीं अमेरिकेनें उतरवून घ्यावीं म्हणून ३८व्या अक्षांशावर एक रेघ ठरविण्यांत आली. ती ठरवितांना कोणा कोरियन माणसास कोणीं विचारिलें नाहीं. तात्पुरती म्हणून ओढिलेली ही रेघ १९४८ सालीं दोन राज्यांची शीव झाली. १९५० च्या २५ जून रोजीं उत्तरेचें सैन्य ती ओलांडून खालीं उतरलें, आणि तीन वर्षें भाऊ भावाचा जीव घेत राहिल्यावर १९५३ च्या २७ जुलै रोजीं युद्ध थांबलें. थांबलें म्हणतों, संपलें म्हणत नाहीं. कारण शांततेचा तह आजपर्यंत झालेला नाहीं. देशाच्या कमरेस सुमारें २५० किलोमीटर लांब व ४ किलोमीटर रुंद असा पट्टा बांधिलेला आहे. त्याच्या दोहों कडांस कांटेरी तारा, सुरुंग व पहारे. दोन दिवसांत परत येतों असें आईस सांगून जे घरांतून निघाले, ते आज नव्वदीचे होऊन तारेच्या अलीकडे बसले आहेत.

ह्या देशाचें दुःख आम्हांस अगदींच परकें नाहीं. १९०५ सालीं केडगांवच्या मुक्तिसदनांत पंडिता रमाबाईंच्या आश्रयास असलेल्या मुलींमध्यें जी जागृति झाली ती आमच्या घरोघरीं ठाऊक आहे. दोनच वर्षांनीं, १९०७ सालीं, तशीच पापांगीकाराची लाट प्यांगयांग नगरच्या मंडळ्यांत उठली, आणि लोक त्या नगरास पूर्वेचें यरुशलेम म्हणूं लागले. आज तेंच नगर उत्तरेच्या राज्याची राजधानी आहे. तेथून व आसपासच्या मुलुखांतून पळून आलेल्या २७ जणांसह पाळक हान क्यंग-चिक यांनीं १९४५ च्या डिसेंबरांत सोल शहरीं एक मंडळी स्थापिली. ती पुढें दक्षिणेंतल्या अत्यंत मोठ्या मंडळ्यांपैकीं एक झाली. युद्धाच्या काळांत आपल्या देशानें तेथें लढणारे पाठविले नाहींत, तर लेफ्टनंट कर्नल रंगराज यांच्या हाताखालीं जखमींच्या शुश्रूषेसाठीं एक वैद्यकीय पथक पाठविलें. युद्धबंदीनंतर जे कैदी आपल्या बाजूस परत जाण्यास राजी नव्हते त्यांचा सांभाळ जनरल थिमय्या अध्यक्ष असलेल्या मंडळाकडे आला व आपल्या शिपायांनीं त्यांची राखण केली. त्यांतील ८८ जण, कांहीं कोरियन व कांहीं चिनी, कोणत्याच बाजूकडे जाण्यास तयार होईनात. १९५४ सालीं त्यांस भारतांत आणण्यांत आलें. छोए इन-हुन ह्या कोरियन लेखकानें १९६० सालीं अशाच एका कैद्यावर कादंबरी लिहिली. तिचा नायक भारताकडे येणाऱ्या जहाजावर चढतो, परंतु किनारा दिसण्यापूर्वींच समुद्रांत नाहींसा होतो. दोन्हीं घरें ज्याला नकोशीं झालीं त्याला तिसरें घरही सांपडलें नाहीं.

आतां मुख्य गोष्टीकडे वळूं. प्यांगयांगच्या दक्षिणेस, केसंग नगराकडे जाणाऱ्या रुंद रस्त्यावर २००१ सालीं एक प्रचंड कमान उभारण्यांत आली. रस्त्याच्या दोहों बाजूंस एकेक स्त्री, कोरियन लुगडेंचोळी ल्यालेली, पुढें झुकून उभी. एक उत्तर, एक दक्षिण. रस्त्याच्या बरोबर वर दोघींचे हात भेटलेले, आणि त्या हातांत अखंड कोरियाचा नकाशा. उंची ३० मीटर, रुंदी ६१.५ मीटर, तीही २००० सालच्या १५ जूनची आठवण म्हणून, कारण त्या दिवशीं दोन्ही राज्यांच्या पुढाऱ्यांनीं प्रथमच एकत्र बसून जाहीरनाम्यावर सह्या केल्या होत्या. बावीस-तेवीस वर्षें मोटारी त्या हातांखालून गेल्या. मग २०२४ च्या १५ जानेवारी रोजीं उत्तरेचे सत्ताधीश किम जंग-उन यांनीं आपल्या सभेपुढें सांगितलें कीं, दक्षिणेचे लोक आतां आपले बांधव नव्हेत, वैरी आहेत, आणि ती कमान डोळ्यांस खुपते, ती काढून टाकावी. महिना संपण्यापूर्वींच आकाशांतून घेतलेल्या छायाचित्रांत ती जागा मोकळी दिसली. कमान उभारणारे त्यांचे पिताजी, आणि जिच्या नांवानें ती उभारिली ती एकीची योजना त्यांच्या आजोबांची.

येथें एक आक्षेप आधींच निवारणें बरें. ज्यांनीं मूर्ति टाकून प्रभूस धरिलें असे आमचे वाचक म्हणतील, दगडी बायकांची कमान पडली त्यांत शोक कसला? शोक आम्हीही करीत नाहीं. परंतु दगडादगडांत भेद आहे. त्याच नगरांत मान्सु टेकडीवर राज्याच्या पुढाऱ्यांचे प्रचंड धातूचे पुतळे आहेत. त्यांच्यापुढें फुलें वाहून कमरेंत वांकावें लागतें. दुसऱ्या आज्ञेचा घाव त्यांवर पडतो. कमानीपुढें वांकावयाचें नव्हतें. ती यार्देनेच्या कांठच्या वेदीच्या जातीची होती. आणि नवल हें कीं, वांकावयाचे पुतळे शाबूत आहेत, साक्षीचा दगड तेवढा फोडिला गेला.

मग तो दगड खोटा होता काय? प्रथमदर्शनीं उत्तर होय असेंच येतें. ज्या राज्यानें हात मिळविलेल्या बहिणी कोरल्या, त्याच राज्यांत दक्षिणेचें गाणें ऐकल्याबद्दल माणसास शिक्षा होई, आणि तारेपलीकडच्या भावास पत्र पाठविणें अशक्य होतें. हात दगडाचे होते म्हणूनच त्यांस भेटूं दिलें, असें कोणी म्हटल्यास आम्ही त्याचें तोंड धरणार नाहीं. तथापि आमचें मत निराळें आहे. कयफा मुख्य याजक असतां जें बोलला तें त्यानें कपटानें बोललें, पण बोललें तें खरें होतें. योहान सांगतो कीं त्याच्या नकळत तो भविष्य वदला. त्याप्रमाणें ही कमान तिच्या कर्त्यापेक्षां अधिक खरी होती. यहोशवानें शखेमांत मोठा धोंडा उभा केला व लोकांस बजाविलें कीं, ह्यानें सर्व ऐकिलें आहे, तुम्ही फिरलां तर हाच तुमच्याविरुद्ध साक्ष देईल. साक्षीदार जिवंत असेपर्यंत फिरणाऱ्याची अडचण होते. ज्या राजास भावास वैरी ठरवावयाचें आहे, त्याला रोज आपल्याच बापाच्या दगडाखालून जातां येत नाहीं. ती कमान निव्वळ थाप असती तर ती पाडण्याची इतकी घाई कशाला झाली असती?

दक्षिणेकडचे दगड सर्व निर्मळ आहेत असेंही समजूं नये. सोल शहरांत १९९४ सालीं उघडलेलें एक युद्धस्मारक आहे. त्याच्या आवारांत ग्रॅनाइटच्या तुकड्यांचा, मधोमध भेगाळलेला घुमट असून त्यावर दोन भाऊ एकमेकांस मिठी मारून उभे आहेत. थोरला दक्षिणेचा अंमलदार, धाकटा उत्तरेचा शिपाई. रणांगणांत ते एकमेकांसमोर आले व त्यांनीं एकमेकांस ओळखिलें, अशी खरी घडलेली गोष्ट त्यामागें आहे. पाहणाऱ्याचे डोळे भरून यावे असेंच तें शिल्प आहे. परंतु जरा थांबून पहा. थोरल्याच्या पाठीवर बंदूक आहे, धाकट्याचे हात रिकामे. थोरला धिप्पाड, धाकटा लहानखोर, त्याच्या छातीशीं मान टाकून उभा. ही मिठी आहे खरी, पण घर कोणाचें, दार कोणीं उघडलें आणि पायरीवर कोण आला, हेंही शिल्पकारानें सांगून टाकिलें आहे. (आमच्या प्रभूच्या दृष्टांतांत थोरला भाऊ मिठी मारीतच नाहीं, बाहेर अंगणांत रुसून उभा राहतो, तें मनुष्यस्वभावास अधिक धरून आहे.) प्यांगयांगच्या बहिणी निदान उंचीनें सारख्या होत्या, पण त्यांच्या हातांतली एकीची अट उत्तरेनेंच लिहिली होती. याकोब व लाबान यांनीं गिलादांत धोंड्यांची रास रचिली, एकत्र जेवले, आणि त्याच राशीची शपथ घेऊन ठरविलें कीं, हिच्यापलीकडे तूं माझ्याकडे वाईट हेतूनें यावयाचें नाहीं व मीं तुझ्याकडे यावयाचें नाहीं. आम्ही तिला करार म्हणतों. ती शीवही होती. कोरियांतील पुष्कळशीं स्मारकें अशीं दुतोंडीं आहेत.

शिवेजवळ, उत्तरेनें जमिनीखालून खणलेलें एक भुयार १९७८ सालीं सांपडलें. त्यावरून सैन्य आंत आणावें असा बेत होता. त्याच भुयाराच्या तोंडाशीं दक्षिणेनें एक शिल्प ठेविलें आहे: मोठा गोल, मधोमध चिरलेला, आंत कोरियाचा नकाशा, आणि दोहों बाजूंनीं माणसें खांदा लावून ते दोन अर्धे एकत्र रेटीत आहेत. ह्यांत आम्हांस एक गोष्ट आवडते. येथें कोणी कोणास जवळ घेत नाहीं. दोहों बाजूंस श्रम सारखेच आहेत.

आतां आमच्या प्रश्नाचा दुसरा भाग. जें घडलेलें नाहीं त्याची साक्ष द्यावी काय? बाबेलच्या राजानें यरुशलेमेस वेढा घातला असतां, स्वतः बंदींत असतांना, यिर्मयानें अनाथोथ येथील शेत सतरा शेकेल रुपें तोलून विकत घेतलें, खरेदीखत मातीच्या मडक्यांत घालून ठेविलें. शेत वैऱ्याच्या ताब्यांत, खरेदीदार कैदेंत. असा सौदा कोणता शहाणा करील? पण संदेष्ट्याची आशा आम्हांस खरी वाटते ती त्यानें रुपें मोजलें म्हणून. कसोटी आम्ही हीच लावितों. आशेपायीं माणसानें पदरचें काय दिलें?

दोरासान म्हणून एक रेल्वेचें स्टेशन शिवेलगत दक्षिण बाजूस आहे. २००२ सालीं तें उघडलें. प्यांगयांगकडे जाणाऱ्या गाडीचा फलाट तेथें आहे, गाडी नाहीं. २००७ च्या डिसेंबरापासून वर्षभर तेवढी मालगाडी शीव ओलांडून जात असे, तीही पुढें बंद झाली. ह्या स्टेशनाच्या भिंतींवर ई बान नांवाच्या वृद्ध चित्रकारानें सरकारच्याच सांगण्यावरून एकीचीं व शांततेचीं चित्रें काढिलीं होतीं. २०१० सालीं त्यास न विचारतां तीं उतरविण्यांत आलीं. तो न्यायालयांत गेला, आणि २०१५ सालीं सर्वोच्च न्यायालयानें सरकारचा अपराध मान्य करून त्यास भरपाई देवविली. उत्तरेनें कमान पाडिली तेव्हां दाद मागण्यास जागा नव्हती. दक्षिणेंत ती होती. हा भेद लहान नव्हे, आणि दोन्हीं राज्यें सारखींच असें म्हणणाऱ्यांनीं तो ध्यानांत धरावा. तरी चित्रें गेलीं तीं गेलींच.

ज्यास दगड मिळाला नाहीं अशा एका कलावंताचें नांव येथें घेतलेंच पाहिजे. ई जुंग-सप हा उत्तरेंतला. १९५० च्या डिसेंबरांत बायकोमुलांसह वॉनसान बंदरांतून निघाला, आई मागें राहिली. पुढें दारिद्र्यामुळें जपानी बायको व दोन मुलें जपानास गेलीं. कागद घेण्यास पैसा नाहीं म्हणून सिगारेटच्या पाकिटांतील चंदेरी कागदावर तो टोंकदार खिळ्यासारख्या वस्तूनें रेघा ओढी: मुलें, मासे, खेंकडे, एकमेकांत गुंतलेले हातपाय. त्याचें एक चित्र आहे, त्यांत बैलगाडींत बायको व मुलें बसलीं आहेत, बाप पुढें चालतो आहे आणि सगळीं आनंदांत आहेत. असा प्रवास त्याच्या नशिबीं आला नाहीं. १९५६ सालीं चाळिसाव्या वर्षीं तो इस्पितळांत एकटाच वारला. त्याच्या चित्रांत शीव नाहीं, झेंडा नाहीं, राज्य नाहीं. तरी एकी म्हणजे काय हें आम्हांस त्या बैलगाडीनें कमानीपेक्षां अधिक समजाविलें.

शेतकरी वाचकांस पुढील गोष्ट विशेष रुचेल. चंग जू-यंग हा उत्तरेंतील थोंगछन गांवच्या गरीब शेतकऱ्याचा मुलगा. बापानें गाय विकून आणलेले ७० वॉन चोरून तो तरुणपणीं सोलास पळाला, आणि कालांतरानें देशांतील अत्यंत धनाढ्य कारखानदारांपैकीं एक झाला. १९९८ च्या जून महिन्यांत, वय ८२ असतां, तो ५०० गुरें मालमोटारींत भरून पानमुनजम येथें शीव ओलांडून उत्तरेस गेला. ऑक्टोबरांत आणखी ५०१. एका गाईचें कर्ज त्यानें १००१ गुरांनीं फेडिलें. जक्कय चौपट देतों म्हणाला होता. हा सहस्रपट देऊन वर एक देता झाला. कमानी व घुमट यांपेक्षां ही चालती, हंबरती साक्ष आम्हांस थोर वाटते, कारण तींत भावानें भावास केलेला उपदेश नाहीं, मुलानें बापाच्या गांवास दिलेली पापाची कबुली आहे. येथेंच लेखणी थांबविली असती तर बरें झालें असतें. परंतु सत्य अर्धें सांगूं नये. त्याच्या उद्योगसमूहाकडून २००० सालच्या पुढाऱ्यांच्या भेटीपूर्वीं उत्तरेस गुप्तपणें मोठा पैसा गेला, हें २००३ सालच्या चौकशींत उघड झालें. गाईंच्या मागून व्यापारही चालत गेला. तरी गाईंची गोष्ट तेवढ्यानें खोटी होत नाहीं असें आम्ही म्हणतों. त्या म्हाताऱ्याच्या अंतःकरणाचा झाडा घेणें आमचें काम नव्हे.

हाम क्यंग-आ ही सोलची एक चित्रकर्ती. ती नमुने काढून मध्यस्थांमार्फत चीनच्या वाटेनें उत्तरेस पाठविते. तेथील अनामिक कारागीर रेशमी धाग्यांनीं तें भरतकाम करितात, आणि काम परत येतें, कधीं येतही नाहीं. चित्राखालीं साहित्याची यादी लिहितांना रेशमी धागा व सुती कापड ह्यांबरोबर ती मध्यस्थ, लांच, काळजी, असेंही लिहिते. तिनें कारागिरांचीं तोंडें पाहिलेलीं नाहींत. त्यांनीं तिचें नांव ऐकिलें असेल कीं नाहीं, कोण जाणे. पण दोहों हातांनीं मिळून केलेलें काम खरोखर असें हेंच एक आहे.

मंडळीनें काय केलें? १९८६ सालीं स्वित्झर्लंडांतील ग्लियाँ गांवीं उत्तरेचे व दक्षिणेचे ख्रिस्ती प्रथमच समोरासमोर बसले आणि त्यांनीं एका भाकरीचा व एका प्याल्याचा विभाग घेतला. १९८८ च्या फेब्रुवारींत दक्षिणेंतील मंडळ्यांच्या राष्ट्रीय परिषदेनें एक जाहीरनामा काढिला. त्यांत शेजारच्या राज्याच्या पापांची यादी पहिल्यानें नव्हती. आपण त्यांचा द्वेष केला, तो द्वेष भक्तिधर्म समजून केला, ही कबुली होती. ज्यांचे पाळक उत्तरेंत मारिले गेले, ज्यांचीं देवळें गेलीं, त्यांनीं हें लिहावें हें सोपें नव्हतें, आणि त्यांच्यांतल्याच पुष्कळांस तें रुचलेंही नाहीं. मारणाऱ्यानें पश्चात्ताप करण्यापूर्वीं मार खाणाऱ्यानें कां करावा, असें ते विचारीत. त्यांचा प्रश्न आम्ही हलका लेखीत नाहीं. पाळक मून इक-ह्वान, ज्यांनीं जुन्या कराराच्या भाषांतराचें काम चालविलें होतें, ते १९८९ सालीं परवानगीवांचून प्यांगयांगास जाऊन तेथील सत्ताधीशांस भेटले. परत येतांच त्यांस तुरुंगांत टाकण्यांत आलें. त्यांनीं उत्तरेच्या जुलमाकडे डोळेझांक केली असें म्हणणारे होते, आजही आहेत. आम्ही एवढेंच म्हणतों कीं, आशेचें रुपें त्यांनीं स्वतःच्या अंगानें तोललें. परिषदेनें १९९५ हें वर्ष एकीचें योबेल ठरविलें होतें. तें वर्ष आलें आणि गेलें. तारा जेथल्या तेथें राहिल्या. देवाच्या नांवें वर्ष नेमणें ही चूकच झाली असें आम्हांस वाटतें. कबुली मात्र चूक नव्हती, आणि तिला तारीख लागत नाहीं.

अलीकडे सर्वच मोडत चाललें आहे. केसंग येथें २०१८ सालीं उघडलेली दोन्हीं राज्यांची संपर्ककचेरी उत्तरेनें २०२० च्या १६ जून रोजीं सुरुंगानें उडविली. २०२४ च्या १५ ऑक्टोबर रोजीं शिवेवरचे रस्तेही. दक्षिणेंतल्या तरुणांपैकीं पुष्कळांस आतां एकी हवीच असें वाटत नाहीं. शेजारी म्हणून भांडणावांचून राहूं, पुरे, असें ते म्हणतात. त्यांस दोष देणें कठीण आहे. त्यांचें कोणी पलीकडे ओळखीचें नाहीं. यार्देनेच्या कांठच्या बापांस जें भय होतें तें हेंच.

इम्जिन नदीवर, जेथून पुढें जातां येत नाहीं तेथें, एक दगडी ओटा आहे. नववर्षाच्या व सुगीच्या सणास उत्तरेंतून आलेले म्हातारे त्यावर फळें व भात मांडून आपल्या गांवांच्या दिशेनें, आईबापांस उद्देशून, नमन करितात. कोरियन ख्रिस्ती लोक पितरांपुढें वांकत नाहींत. ते घरांत एकत्र जमून गीत गातात व प्रार्थना करितात, आणि ह्या बाबतींत त्यांस आपल्या आप्तांकडून जें ऐकावें लागलें तें आमच्या पुष्कळ वाचकांनीं श्राद्ध सोडितांना ऐकिलेलें आहे. जवळच एक गंजलेलें इंजिन ठेविलें आहे, त्यास हजारावर गोळ्यांचीं भोंकें आहेत. तारेच्या कुंपणास लोकांनीं रंगीबेरंगी फिती बांधिल्या आहेत, त्यांवर नांवें व मागणीं लिहिलेलीं. दक्षिणेंत सव्वा लाखाहून अधिक माणसांनीं पलीकडच्या आप्तांस भेटण्यासाठीं आपलीं नांवें नोंदविलीं होतीं. त्यांतील बहुतेक आतां हयात नाहींत. शेवटची भेट २०१८ च्या ऑगस्टांत कुमगांग डोंगरांत झाली. ज्या इमारतींत ती भेट होत असे ती उत्तरेनें पाडावयास घेतल्याचें २०२५ च्या फेब्रुवारींत कळलें. फिती पावसानें फिक्या होतात, आणि येणारे नव्या बांधून जातात.